रोज सरकणाऱ्या शहराचा नकाशा: असं शास्त्र असतं तर त्याचा पहिला नियम काय?

शंकूसाखळी

नमस्कार मंडळी.

माझी सगळी नोकरी जमीन मोजणीत गेली. ३१ वर्षं. निम्मी रायगडात, निम्मी मुंबईत. मोजणीदाराला पहिल्याच दिवशी एक गोष्ट शिकवतात, हलणारं काही धरायचं नाही. ओढ्याचा काठ धरायचा नाही, कुंपण धरायचं नाही, शेजाऱ्याचा शब्द तर नाहीच नाही. धरायचा तो दगड. हद्दीचा दगड सापडला की निम्मं काम झालं. माझ्या आधीची माणसं शंकूसाखळीने मोजायची. ३३ फुटांची, १६ आण्यांची (म्हणजे १६ भागांची) साखळी, आणि ३३ बाय ३३ म्हणजे एक गुंठा. पुढे यंत्रं आली, उपग्रह आले. साधनं बदलली, दगड शोधायची सवय राहिली.

आता नातीची गोष्ट. ती सहावीत आहे, राहते परळला. शाळेने 'घर ते शाळा' असा नकाशा काढून आणायला सांगितलं, मुदत पंधरा दिवस. पोरगी हुशार, पहिल्याच रविवारी पावलं मोजून नकाशा तयार. पण पंधरा दिवसांत कोपऱ्यावरची चाळ रिकामी होऊन तिच्याभोवती पत्रे लागले, गल्लीचं तोंड खणलं गेलं म्हणून शाळेत जायची वाट मागच्या बाजूने झाली, आणि जिच्या टोपलीवरून डावीकडे वळायचं ती भाजीवाली समोरच्या फुटपाथवर गेली. पोरीने मला विचारलं, "आजोबा, खोडू, की नवीन कागद घेऊ, की हे मागच्या रविवारचं आहे असं लिहू?"

३१ वर्षांचा मोजणीदार गप्प बसला.

तेव्हापासून डोक्यात घोळतंय. समजा असं एक शास्त्र आहे, ज्यात हलणं हा मोजणीतला दोष नाही, तोच अभ्यासाचा विषय आहे. आपण त्याला तूर्तास 'चलमापन' म्हणू. त्यात हद्दीचा दगड नाही. मग धरायचं काय? हे शास्त्र रचायला तुम्ही बसलात तर पहिला नियम कोणता लिहाल? उत्तर मनापासून हवंय, कारण ते मला नातीला सांगायचंय.

भायखळ्याची_मैना

पहिला नियम: कागदाच्या कोपऱ्यात तारीख. नातीचा तिसरा पर्याय बरोबर आहे. पोरीला शाबासकी द्या.

तर्कट_नाना

विषय गोड आहे, पण मला मूळ गृहीतकच पटलेलं नाही. सरकतंय काय नक्की? दुकानं, पाट्या, नावं. व्हीटीचं १९९६ साली छत्रपती शिवाजी टर्मिनस झालं, २०१७ मध्ये त्यात 'महाराज' आलं, एल्फिन्स्टन रोडचं २०१८ साली प्रभादेवी झालं. गाडी त्याच फलाटावर लागते ना? जमीन जागच्या जागी आहे. वरचं लेबल बदललं की नकाशाची नवी आवृत्ती काढायची. याला शास्त्र कशाला हवं, चांगला कारकून पुरे.

ईशान्य

नाना, जमीन जागच्या जागी आहे हेच खरं नाही.

मुंबईची जमीन म्हणजे सात बेटं आणि मधली भर. महालक्ष्मी-वरळीची खिंड १७८४ च्या सुमारास बांध घालून बुजवली, तोवर भरतीचं पाणी आत शहरभर पसरायचं. कुलाब्याचा कॉजवे १८३८ चा, माहीमचा १८४५ चा. नरिमन पॉइंटला आज जिथे लिफ्टची रांग लागते तिथे समुद्र होता.

आणि हे सगळं सोडलं तरी जिच्यावर आपण बसलोय ती भारताची भूपट्टीच (पृथ्वीच्या कवचाचा तुकडा) वर्षाला साधारण ५ सेंटिमीटर वेगाने ईशान्येकडे चालली आहे. माझं नाव त्यावरूनच घेतलंय. आमचं घर लालबागला, दहा बाय बाराची खोली. आई सांगते, ट्राम बंद झाली त्या वर्षी, म्हणजे १९६४ साली, ती लग्न होऊन या खोलीत आली. हिशोब करा. ६० वर्षांत ३ मीटर. दहा फूट! आई जागची हलली नाही आणि खोली एक खोलीभर ईशान्येला गेली.

ही काल्पनिक अडचण नाही. ऑस्ट्रेलियाची भूपट्टी वर्षाला ७ सेंटिमीटर सरकते. १९९४ सालच्या आधारावरचे त्यांचे अक्षांश-रेखांश २०२० येईपर्यंत १.८ मीटरने चुकले, म्हणून देशभराची आधारचौकट नव्याने ठरवावी लागली.

तर्कट_नाना

@ईशान्य, माहिती छान. पण सगळी मुंबई एकदम सरकली, तर लालबाग ते परळ अंतर तेच राहिलं. घरात बसलेल्याला काय फरक?

ईशान्य

बरोब्बर. म्हणजे नाना, तुम्ही आत्ताच चलमापनाचा एक नियम सांगितलात. कुणाच्या मानाने सरकलं ते आधी लिहा.

पायधुणीकर

नाना म्हणतात नाव म्हणजे लेबल. माझा अनुभव उलटा आहे. आमच्या भागात जमीन बदलली, नाव राहिलं. पायधुणी म्हणजे पाय धुवायची जागा, खाडी ओलांडून आलेला माणूस इथे पाय धुवायचा. उमरखाडीत खाडी शोधून दाखवा. धोबीतलावात तलाव नाही. चर्चगेटचं गेट किल्ल्याच्या तटाबरोबर १८६० च्या दशकात पाडलं. दादर टीटी म्हणजे ट्राम टर्मिनस, ट्राम जाऊन साठ वर्षं झाली आणि आजही कंडक्टरला 'टीटी' म्हटलं की तो बरोबर तिकीट फाडतो.

आणि काळा घोडा! राजाचा तो पुतळा १९६५ साली तिथून काढला, घोड्यासकट. नवा घोडा बसवला २०१७ मध्ये, स्वाराशिवाय. मधली ५२ वर्षं तिथे घोडा नव्हता आणि एकही मुंबईकर तिथे जाताना चुकला नाही. नसलेल्या घोड्यावरून माणसं अर्धं शतक डावी-उजवीकडे वळली. माझ्या मते चलमापनातला दगड हाच.

मिनिटकाटा

आमच्या घरी अंतर किलोमीटरमध्ये सांगितलेलं कुणाला कळत नाही. "ठाणे किती लांब?" "फास्टने चाळीस मिनिटं, स्लोने तासभर, आणि पाऊस असला तर आज राहूनच जा."

वाचक_एक

+१. लग्नाच्या पत्रिकेतसुद्धा 'स्टेशनपासून ५ मिनिटांवर' असतं. कुणाची ५ मिनिटं हे वधूपक्षच जाणे.

ईशान्य

@मिनिटकाटा, तुमच्या घरच्यांना माहीत नाही, पण ते जुन्या परंपरेत बसलेत. फ्रान्सिस गाल्टनने १८८१ साली लंडनपासून किती दिवसांत कुठे पोचता येतं याचा जगाचा नकाशा काढला होता, एकेका पट्ट्याला एकेक रंग. तसा नकाशा मुंबईचा काढला तर सकाळी आठला एक आणि दुपारी दोनला दुसरा काढावा लागेल. शहर दिवसातून चार वेळा फुगतं आणि आकसतं.

सुकती

मी वरळी कोळीवाड्यातली. आमच्यासाठी तर जमीन आणि पाणी यांची हद्दच दिवसातून चार वेळा बदलते, त्यामुळे शंकूसाखळीकाकांचा प्रश्न वाचून वाटलं की हे शास्त्र काल्पनिक कशाला, आमच्या घरात ते आहेच.

भरती रोज त्याच वेळेला येत नाही. पण ती कशी उशिरा येते ते ठरलेलं आहे. आजी बोटांवर करायची तो हिशोब सांगते. तिथीची पाऊणपट करा, ती भरतीची वेळ. तृतीया असेल तर तीनाची पाऊणपट सव्वादोन, म्हणजे दुपारी आणि रात्री सव्वादोनच्या आसपास भरती. दशमीला साडेसात. अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो, पण होडी काढायला तेवढं पुरतं. अमावस्या-पुनवेला उधाण, अष्टमीच्या सुमाराला भांग, तेव्हा पाणी फार चढत नाही आणि फार उतरतही नाही. माझं नाव सुकती म्हणजे ओहोटी, ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी.

दुसरी गोष्ट खुणांची. बाबा समुद्रात गेल्यावर किनाऱ्यावरच्या दोन-दोन खुणा जुळवायचे. जवळची खूण मागच्या खुणेवर बरोबर आली की तुम्ही एका रेषेवर आलात, दुसऱ्या बाजूची जोडी जुळली की जागा पक्की. बाबांची मागची खूण होती एका गिरणीचं धुराडं. संप झाला, गिरणी बंद पडली, तरी धुराडं उभं होतं, म्हणून बाबांना चिंता नव्हती. एका पावसाळ्यानंतर होडी काढली आणि धुराडं नव्हतं. तीन दिवस बाबा त्या जागेच्या भोवती फिरले. शेवटी दोरीला शिसं बांधून तळ चाचपला, वर आलेला गाळ बोटांनी चोळून बघितला आणि म्हणाले, हीच. मग तिथे थांबून किनाऱ्याकडे बघितलं आणि नवीन खूण ठरवली, एक अर्धवट बांधलेला टॉवर.

बाबा घरी येऊन आईला एवढंच म्हणाले, "दोन्ही असताना बघून ठेवायला हवं होतं."

भायखळ्याची_मैना

@सुकती, शेवटचं वाक्य दोनदा वाचलं.

तर्कट_नाना

सुकतीताई, तुमचा प्रतिसाद पटला, कारण त्यात भाकीत आहे. तिथी सांगा, वेळ काढा, किनाऱ्यावर जाऊन तपासा. चुकलं तर कळेल. हे शास्त्र. पायधुणीकरांचा घोडा रम्य आहे, पण तो कोणतं भाकीत करतो?

पायधुणीकर

करतो की. जिथे नावात पाणी आहे तिथे पावसात पाणी भरेल, असं म्हणून बघा. उमरखाडी, खारा कुवा, तलाव, टाकी. सगळीकडे खरं ठरणार नाही, पण नाना, या जुलैत छत्री घेऊन माझ्याबरोबर चला आणि मोजा. तुमची वही, तुमचा पेन.

तर्कट_नाना

येतो.

पाऊस_मापक

पावसाचं निघालंच आहे म्हणून. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. त्याच दिवसाची कुलाब्याची नोंद ७३ मिलिमीटर आहे. एकच शहर, एकच तारीख. माझी बहीण कलिन्यात माळ्यावर बसून होती आणि फोर्टातला भाऊ फोन लागत नाही म्हणून चिडला होता. त्यामुळे भायखळ्याच्या मैनाताईंच्या तारखेशेजारी मला जागाही हवी. कुठे उभं राहून मोजलं?

दादर_आलं

एक भाषेची गंमत. आपण गाडीत बसून म्हणतो, "दादर आलं." "कुर्ला गेलं." "ठाणे यायला अजून वेळ आहे." आपण बसलेले, गावं येतात-जातात. लहानपणी मला ते खरंच वाटायचं.

पॅसिफिकमधल्या कॅरोलाइन बेटांवरचे दर्यावर्दी याच पद्धतीने दिशा राखतात हे वाचून मी थक्क झालो होतो. त्यांच्या हिशोबात होडी स्थिर असते आणि बेटं मागे सरकतात. वाटेत नसलेलं, दिसतही नसलेलं तिसरंच एक बेट ते मनात धरतात आणि ते कोणत्या ताऱ्याखालून कोणत्या ताऱ्याखाली सरकलं यावरून किती अंतर कापलं ते सांगतात. या पद्धतीला एटक म्हणतात. कागद नाही, होकायंत्र नाही. नाना, तुमच्या कारकुनाला हे जमेल?

तर्कट_नाना

नाही जमणार. मान्य.

यंत्रमित्र

मी रोबोंवर काम करतो. कारखान्यात सामान नेणारे, चाकांवरचे. आमच्याकडे हा प्रश्न रोजचा आहे. रोबो कुठे आहे हे कळायला नकाशा हवा, आणि नकाशा काढायला रोबो कुठे आहे हे माहीत हवं. आधी काय? उत्तर असं की दोन्ही एकदम, दोन्ही कच्चे. रोबो आपली जागाही अंदाजाने धरतो आणि भिंतीही, आणि प्रत्येक अंदाजासोबत 'मला किती खात्री आहे' हेही लिहितो. पुढे गेलं की खात्री कमी होत जाते. पण फिरून तो आधी पाहिलेल्या कोपऱ्यावर परत आला की एकदम उजेड पडतो. त्या एका ओळखीने मागच्या सगळ्या वाटेतली चूक कमी होते.

म्हणून माझा नियम: परत या. एकदाच फिरून काढलेला नकाशा कधीच भरवशाचा नसतो.

एक अडचण मात्र प्रामाणिकपणे सांगतो. आमच्या बऱ्याचशा पद्धती जग स्थिर धरतात आणि हलणाऱ्या गोष्टी गाळून टाकतात. माणसं, गाड्या, गुरं, सगळा गोंगाट समजून फेकायचा. ही पद्धत सकाळी नऊच्या दादर स्टेशनवर लावली तर फेकल्यावर हातात छप्पर आणि खांब उरतील.

कानोसा

यंत्रमित्र यांचा प्रतिसाद ऐकून लिहायला बसलो. 'ऐकून' म्हणतोय कारण मला दिसत नाही, फोन वाचून दाखवतो. जन्मापासून नाही, विसाव्या वर्षापासून. आता ४४ चा आहे. डोंबिवलीहून दादरला येतो, पश्चिमेला एका बँकेत नोकरी. १९ वर्षं तीच वाट.

तुम्ही हलणाऱ्या गोष्टी फेकता. माझ्याकडे बहुतेक सगळ्या खुणा हलणाऱ्याच आहेत. पूल उतरलो की फुलबाजार, पण तो एक वास नाही. आधी निशिगंध, मग झेंडूच्या ढिगाचा कडवट वास, मग ओल्या पानांचा आणि गोणपाटाचा. त्या क्रमावरून मी किती पावलं आलो ते कळतं. दसऱ्याच्या आधी झेंडू इतका पसरतो की माझं दादर वीस-पंचवीस पावलांनी लांबतं. मग उड्डाणपुलाखाली आलो की आवाज बदलतो, डोक्यावर छप्पर आल्यासारखा. नंतर एका दुकानाचा एसी पायांवर थंड हवा सोडतो. तिथून कबुतरखाना.

कबुतरखाना हा माझा सगळ्यात मोठा खांब होता. शेकडो पंखांचा तो फडफडाट कुठल्याही हॉर्नमधून वेगळा ऐकू येतो. २०२५ च्या ऑगस्टमध्ये त्यावर ताडपत्री पडली. कबुतरांचं काय बरोबर आणि काय चूक तो वाद इथे नको, मला त्यात पडायचं नाही. मी फक्त काय झालं ते सांगतो. मी रोजच्यासारखा चालत होतो आणि आवाज आलाच नाही. मला वाटलं मी वळायचं विसरलो. मागे आलो. परत गेलो. दादरमध्ये, १९ वर्षांच्या वाटेवर, मी उभा राहिलो आणि मला कुठे आहे ते कळेना. एका मुलाने हात धरून बँकेपर्यंत सोडलं.

सुकती, तुमच्या बाबांच्या होडीत मी होतो असं समजा.

सांगायचं हे, की बदल मला नवा नाही. फुटपाथ दर महिन्याला खणतात, फेरीवाले बसतात-उठतात, मी ते सगळं काठीने आणि नाकाने रोज नव्याने लिहून घेतो. त्याचा मला राग नाही, शहर जिवंत आहे. हरवतो तेव्हाच, जेव्हा जुनी खूण जाते आणि नवी खूण तिच्याशी कधी जोडलेलीच नसते.

वाचक_एक

कानोसा, मनापासून धन्यवाद. मी रोज त्याच वाटेने जातो. निशिगंध आधी येतो हे मला माहीत नव्हतं.

चुंबक

कानोसा यांच्या शेवटच्या वाक्यावर मला एक खरी घडलेली गोष्ट सांगायची आहे, आणि ती मुंबईचीच आहे.

कुलाब्याच्या वेधशाळेत १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी घेत असत. होकायंत्राची सुई उत्तर दाखवते म्हणतो, पण ते उत्तर स्थिर नाही. ते वर्षानुवर्षं सरकतं, दिवसातसुद्धा थोडं डोलतं. म्हणजे धागाकर्त्यांना हवं ते शास्त्र, अगदी शब्दशः. रोज बसून सरकण्याची नोंद करायची.

मग विसाव्या शतकाच्या तोंडावर मुंबईत विजेची ट्राम आणायचं ठरलं. ट्रामच्या विद्युतप्रवाहाने सुया बिघडणार होत्या. वेधशाळेचं हे काम हलवणं भाग होतं, आणि ते हलवलं अलिबागला. १९०४ साली तिथली वेधशाळा सुरू झाली, इमारतीत लोखंड नाही, पोरबंदरचा दगड वापरला. पण त्यांनी कुलाब्याची मोजणी त्या दिवशी बंद केली नाही. १९०४ ते १९०६ दोन्हीकडे एकाच वेळी मोजत राहिले. दोन वर्षं, खाडीच्या दोन बाजूंना. त्यामुळे कुलाब्याचा आकडा आणि अलिबागचा आकडा यांतला फरक नेमका कळला आणि १८४१ पासूनची माळ तुटली नाही. १९०७ मध्ये विजेची ट्राम धावू लागली. १९६४ मध्ये ती गेलीसुद्धा. अलिबागची नोंद अजून चालू आहे.

मी कॉलेजात असताना तिथे गेलो होतो. मला त्या दोन वर्षांचं फार अप्रूप वाटतं. कुणीतरी दुप्पट काम करायला तयार झालं, कारण पुढे येणाऱ्या अनोळखी माणसाला जुना आकडा वाचता यावा.

सुकती

"दोन्ही असताना बघून ठेवायला हवं होतं." बाबांना आज हे वाचून दाखवते.

पायधुणीकर

म्हणजे टीटी या नावाच्या पोटात ट्राम, आणि ट्रामपायी हललेली वेधशाळा. १९६४ नंतर जन्मलो आणि रोज टीटीला बस बदलली, हे आज कळलं.

निरयन

उशिरा आलो, पण पंचांगाचा मुद्दा कुणीच कसा काढला नाही?

आकाशाचा नकाशासुद्धा सरकतो. वसंतसंपात, म्हणजे सूर्य विषुववृत्त ओलांडून उत्तरेला येतो तो बिंदू, ताऱ्यांच्या मानाने वर्षाला सुमारे ५० विकला मागे जातो. ७२ वर्षांत एक अंश. म्हणून खरं उत्तरायण २२ डिसेंबरच्या आसपास सुरू होतं आणि आपण तिळगूळ १४ जानेवारीला वाटतो. आता यावर उपाय दोन. एक तर जुना शून्य, म्हणजे मोजणीचा आरंभबिंदू, धरून बसा आणि सरकणं नाकारा. नाही तर नवा शून्य घ्या आणि जुनी सगळी गणितं फेका. आपल्या ज्योतिर्गणितींनी तिसरंच केलं. दोन्ही शून्य ठेवले आणि दोघांमधलं अंतर लिहून ठेवलं. त्या अंतराला अयनांश म्हणतात. सध्या ते २४ अंशांच्या थोडं वर आहे. ते किती धरावं यावरून महाराष्ट्रात काय भांडणं झाली ते जुन्या पंचांगवाल्यांना विचारा. १९५५ च्या दिनदर्शिका सुधारणा समितीने, मेघनाद साहा तिचे अध्यक्ष होते, २१ मार्च १९५६ साठी २३ अंश १५ कला असा आकडा निश्चित केला.

चुंबक यांची दोन वर्षं आणि हे अयनांश, मला दोन्हीकडे एकच काम दिसतं.

पाऊणतास

मग बॉम्बे टाइमसुद्धा त्यातच घ्या. भारताची प्रमाणवेळ १९०६ साली लागू झाली, पण मुंबईने स्वतःची वेळ १९५५ पर्यंत सोडली नव्हती. ३९ मिनिटं मागे. प्रमाणवेळ ८२.५ रेखांशाची, मुंबई ७३ च्या अलीकडे, आणि प्रत्येक अंशाला ४ मिनिटं, असा तो हिशोब. आजोबा गिरगावात राहायचे. ते सांगायचे की 'किती वाजले' विचारलं की समोरचा विचारायचा, "कुठले?" आणि कुणाला त्यात काही वावगं वाटायचं नाही. रेल्वेची एक वेळ, घरची एक वेळ, आणि मधली ३९ मिनिटं शाळेतल्या पोरालासुद्धा पाठ.

तर्कट_नाना

मी सुरुवातीला कारकून पुरे म्हणालो होतो. तेवढं मागे घेतो. पण एक आग्रह कायम आहे. नियम असा हवा की नातीला वहीत पाळता आला पाहिजे. अयनांश आणि पोरबंदरचा दगड सांगून सहावीतल्या मुलीचा प्रश्न सुटत नाही. खोडू, नवीन कागद घेऊ, की तारीख घालू? शंकूसाखळी, तुम्ही आहात कुठे?

शंकूसाखळी

आहे. चार दिवस सगळं वाचत होतो, काही प्रतिसाद नातीला मोठ्याने वाचून दाखवले. उत्तर द्यायची घाई नव्हती.

मोजणीत आमच्याकडेही एक प्रसंग येतो, तो आता आठवला. हद्दीचा जुना दगड रस्त्याच्या रुंदीत जाणार असला की चांगला मोजणीदार तो उखडायच्या आधी येतो. जुन्या दगडापासून नव्या दोन-तीन पक्क्या जागांपर्यंत मापं घेतो, कागदावर लिहितो, मग दगड जातो. मापं असली तर दगड पुन्हा उभा करता येतो. हे मी शेकडो वेळा केलं आणि त्याला कधी नियम म्हटलं नाही. दगड उखडल्यावर बोलावलं म्हणून दोन भावांची भांडणं मिटवता आली नाहीत असंही झालंय. एक प्रकरण अजून माझ्या झोपेत येतं.

नानांसाठी वहीतला नियम. नातीने स्वतः केला, मी फक्त बघत होतो. तिने जुना नकाशा खोडला नाही. त्यावर ट्रेसिंग पेपर ठेवून नवी वाट काढली, दोन्हीवर तारीख आणि 'फाटकाशी उभी राहून' असं लिहिलं. आणि मग जे अजून जागेवर आहे पण जाणार असं तिला वाटतं, त्याच्याभोवती लाल गोल केले. पिंपळ, कोपऱ्यावरचं रसवंतीगृह, शाळेची जुनी घंटा. प्रत्येक गोलापासून जवळच्या दुसऱ्या दोन वस्तूंपर्यंत पावलं मोजून लिहिली. घंटा ते पाण्याची टाकी २६. घंटा ते पायरी ११.

आता तिला एक हवंय. @कानोसा, तिला तुमची दादरची वाट लिहून घ्यायची आहे, वासांच्या क्रमाने. तुमची हरकत नसेल तर मी आणि ती एकदा तुमच्याबरोबर चालू. तुम्ही बोला, ती पावलं मोजेल.

सुकती

तिला नंतर आमच्याकडे आणा. पुनवेला या, दुपारपर्यंत भरती उलटते, संध्याकाळी पाच-सहाला पाणी सगळ्यात खाली असतं. बाबा आता होडीवर जात नाहीत, पण धक्क्यावरून खुणा दाखवतील. टॉवरपुढे आता दुसरा टॉवर उभा राहतोय. दोन्ही अजून दिसतात.

तर्कट_नाना

मी वही आणतो.

कानोसा

हरकत कसली. शनिवारी सकाळी सातला या, बाजार भरात असतो. पश्चिमेचा पूल उतरलात की उजव्या हाताला एक लोखंडी खांब आहे, त्याला टेकून उभा असेन. गेल्या आठवड्यात त्याच्या बुडाशी खणायला सुरुवात झालीय, तेव्हा खांब नसेल तर निशिगंधाच्या पहिल्या टोपलीपाशी. खांबापासून टोपली नऊ पावलं. मुलीला आत्ताच लिहून ठेवायला सांगा.